ऑफेन्सिव्ह लाइनमन

अमेरिकन फुटबॉलमध्ये चेंडू ताब्यात असलेल्या संघाच्या आघाडीच्या रांगेत खेळणारा खेळाडू. मधोमध सेंटर, त्याच्या दोन्ही बाजूंना गार्ड आणि त्यांच्या पलीकडे टॅकल अशी ही पाच जणांची फळी असते. चेंडू घेऊन पळणाऱ्याला वाट काढून देणे आणि पास फेकण्याच्या बेतात असलेल्या क्वार्टरबॅकपर्यंत (चढाईची सूत्रे हलवणाऱ्या खेळाडूपर्यंत) प्रतिस्पर्ध्याला पोहोचू न देणे, ही तिची दोन कामे. या पाच जणांना एरवी पुढे फेकलेला पास झेलता येत नाही. व्यावसायिक खेळात पास हवेत जाण्याआधी त्यांना स्क्रिमेजच्या, म्हणजे खेळी जिथून सुरू होते त्या, रेषेपुढे एका यार्डाहून अधिक जाण्याचीही मुभा नाही. त्यामुळे यार्ड, झेल, गुण यांपैकी काहीच त्यांच्या नावावर जमा होत नाही. पंच त्यांचा क्रमांक पुकारतात तो बहुधा होल्डिंगचा, म्हणजे प्रतिस्पर्ध्याला धरून ठेवल्याचा, दंड देताना. या खेळाडूच्या कारकीर्दीचा इतिहास म्हणूनच नियमपुस्तिका, करारपत्रे आणि दुखापतींच्या नोंदी यांतून जुळवावा लागतो. प्रस्तुत नोंदीत मुख्यतः नॅशनल फुटबॉल लीगमधील (एनएफएल) व्यावसायिक खेळाडूंचा विचार केला आहे.

उगम : रांगेची कल्पना १८८० च्या नियमबदलातून आली, याविषयी फारसा मतभेद नाही. येल विद्यापीठाचे वॉल्टर कॅम्प यांच्या पुढाकाराने त्या वर्षी संघातील खेळाडू पंधरावरून अकरा झाले आणि रग्बीतील घोळक्याच्या जागी स्क्रिमेज आले. खेळी सुरू होण्यापूर्वीच चेंडू कोणाचा हे ठरलेले असल्याने एक संघ चढाईचा आणि दुसरा बचावाचा, अशी वाटणी झाली. वाद आहे तो ब्लॉकिंगच्या, म्हणजे चेंडूवाल्यासाठी प्रतिस्पर्ध्याला अडवण्याच्या, सुरुवातीबद्दल. रग्बीच्या नियमांत ही कृती ऑफसाइड, म्हणजे चेंडूच्या पुढे राहून खेळण्याचा दोष, ठरे. प्रिन्स्टनने १८७९ मध्ये हार्वर्डविरुद्ध धावणाऱ्याच्या दोन्ही बाजूंना एकेक सोबती पळवला, ही हकीकत बहुतेक इतिहासांत येते आणि तिलाच ब्लॉकिंगचा आरंभ मानण्याची प्रथा आहे. परंतु हे सोबती बाजूने धावत होते, पुढे नव्हते. म्हणून तिला पूर्वरूप म्हणणे अधिक सुरक्षित. पुढे राहून अडवणे १८८० च्या दशकात हळूहळू रुळले असावे.

निर्णायक ठरला तो १८८८ चा नियम. त्या वर्षी कमरेखाली पकडण्यास परवानगी मिळाली आणि अडवणाऱ्याने हात पसरण्यास मनाई झाली. हात वापरता येईनात, तेव्हा रांगेतील खेळाडू खांद्याला खांदा भिडवून उभे राहू लागले व संपूर्ण समूहाने एका जागी धडक मारण्याचे डाव सुरू झाले. हार्वर्डने १८९२ मध्ये येलविरुद्ध वापरलेली पाचरीच्या आकाराची ‘फ्लाइंग वेज’ ही त्याची टोकाची अवस्था. तिला १८९४ मध्ये आळा घातला गेला, तरी मृत्यू व गंभीर दुखापती थांबल्या नाहीत. १९०५ मध्ये राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनी त्यात लक्ष घातले आणि १९०६ मध्ये पुढे पास फेकण्यास मान्यता व दोन्ही रांगांत चेंडूच्या लांबीएवढे अंतर हे बदल झाले. १९१० पासून रेषेवर किमान सात खेळाडू असणे सक्तीचे झाले आणि धावणाऱ्याला मागून ढकलण्यास बंदी आली. एनएफएलने ही बंदी २००५ मध्ये उठवली. क्वार्टरबॅकला मागून रेटून पुढे न्यायची फिलाडेल्फिया ईगल्सची बहुचर्चित खेळी त्यातूनच शक्य झाली. ती रोखण्याचा प्रस्ताव मे २०२५ मध्ये २४ मते लागत असताना २२ मतांवर अडकला.

चेंडू मागे देण्याची, म्हणजे स्नॅपची, रीतही बदलत गेली. आरंभी सेंटर तो टाचेने मागे सारी. हाताने देण्याचा प्रघात सुमारे १८९० पासूनचा मानतात. सिंगल विंग या चढाईच्या जुन्या रचनेत सेंटरला दोन पायांतून मागे पाहत चेंडू काही यार्ड फेकावा लागे आणि तेवढ्यात समोरचा त्याच्या अंगावर येई. शिकागो बेअर्सने ८ डिसेंबर १९४० च्या अंतिम सामन्यात वॉशिंग्टनचा ७३–० असा पराभव केल्यावर टी रचनेचा सर्वत्र प्रसार झाला. तीत क्वार्टरबॅक सेंटरच्या अगदी मागे उभा राहून चेंडू हातात घेतो. सेंटरची मान वर राहते आणि स्नॅपबरोबरच त्याला भिडता येते. सेंटरचे आधुनिक काम या बदलापासून सुरू झाले, असे म्हणायला हरकत नाही.

स्वतंत्र पेशा : विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात एकच खेळाडू चढाई आणि बचाव दोन्हींत खेळे. न्यूयॉर्क जायंट्सचे सेंटर मेल हाइन (कारकीर्द १९३१–४५) बचावातही खेळत आणि १९३८ मध्ये ते लीगचे सर्वांत मौल्यवान खेळाडू ठरले. रांगेतल्या चढाईपटूला हा मान पुन्हा मिळालेला नाही. दोन स्वतंत्र तुकड्या वापरण्याचे श्रेय सामान्यतः मिशिगन विद्यापीठाचे प्रशिक्षक फ्रिट्झ क्रिस्लर यांना दिले जाते. १३ ऑक्टोबर १९४५ रोजी आर्मीविरुद्ध (वेस्ट पॉइंट लष्करी अकादमीच्या संघाविरुद्ध) त्यांनी तसा प्रयोग केला व सामना ७–२८ असा गमावला. मात्र त्यामागे युद्धकाळात खेळाडूंच्या तुटवड्यामुळे शिथिल झालेला बदली खेळाडूंचा नियम होता, आणि महाविद्यालयांनी १९५३ मध्ये तो पुन्हा आवळला. व्यावसायिक लाइनमनपुरते पाहिले तर १९५० हे वर्ष अधिक महत्त्वाचे. एनएफएलने अमर्याद बदलीला त्या वर्षी कायमची मान्यता दिली. जुन्या पद्धतीचे शेवटचे मोठे प्रतिनिधी म्हणून फिलाडेल्फियाचे चक बेडनारिक यांचे नाव घेतात. १९६० च्या विजेतेपदाच्या सामन्यात ते सेंटर व लाइनबॅकर (बचावाच्या रांगेमागचा खेळाडू) अशा दोन्ही जागी खेळले.

केवळ चढाईच्या रांगेत खेळून हॉल ऑफ फेममध्ये (थोर खेळाडूंच्या मानाच्या यादीत) गेलेले पहिले खेळाडू म्हणजे बाल्टिमोर कोल्ट्सचे जिम पार्कर (१९५७–६७). जॉनी युनायटस या क्वार्टरबॅकचे रक्षण त्यांच्याकडे होते. त्यांची निवड १९७३ मध्ये, म्हणजे तुकड्या वेगळ्या होऊन दोन दशके उलटल्यावर झाली. ग्रीन बे पॅकर्सचे गार्ड जेरी क्रेमर यांना त्याहून कितीतरी अधिक काळ थांबावे लागले. ३१ डिसेंबर १९६७ रोजी कडाक्याच्या थंडीत झालेल्या अंतिम सामन्यात त्यांच्या ब्लॉकमागून बार्ट स्टार यांनी विजयी टचडाउन (चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या गोलक्षेत्रात नेऊन मिळवलेले गुण) केला. हॉल ऑफ फेमचे दार त्यांना २०१८ मध्ये उघडले.

लेफ्ट टॅकलचे मोल : उजव्या हाताने पास फेकणाऱ्या क्वार्टरबॅकची पाठ डावीकडे वळते. त्या न दिसणाऱ्या बाजूचा रखवालदार म्हणजे लेफ्ट टॅकल. ही जागा रांगेत सर्वांत महाग कशी झाली, याविषयी दोन मते आहेत. लोकप्रिय मत लॉरेन्स टेलर या बचावपटूला कारण मानते. १८ नोव्हेंबर १९८५ च्या सामन्यात टेलर यांच्या धडकेत वॉशिंग्टनचे क्वार्टरबॅक जो थाइसमन यांचा पाय मोडला, कारकीर्द संपली आणि ते दृश्य लाखो लोकांनी दूरचित्रवाणीवर पाहिले. त्यानंतर संघांनी डाव्या बाजूची किंमत ओळखली, असे हे मत. प्रसंग खराच भयंकर होता. तथापि ती खेळी साधी पासची नव्हती. चेंडू धावपटूकडे देऊन पुन्हा मागे घेण्याची ती हुलकावणी होती आणि तीत क्वार्टरबॅक नेहमीपेक्षा अधिक वेळ उघडा राहतो. एका जागेचे बाजारमूल्य अशा एका घटनेवर उभे करणे कठीण आहे.

दुसरे मत नियमांकडे बोट दाखवते आणि पुराव्याच्या दृष्टीने तेच अधिक ग्राह्य वाटते. १९७४ मध्ये होल्डिंगचा दंड १५ वरून १० यार्ड झाला. १९७७ मध्ये बचावपटूंनी डोक्याच्या बाजूला चापट मारण्यावर बंदी आली. १९७८ मध्ये ब्लॉक करताना हात पसरण्याची व पंजे उघडे ठेवण्याची परवानगी मिळाली. १८८८ मध्ये काढून घेतलेले हात सुमारे नव्वद वर्षांनी परत आले. त्याच वर्षी झेलणाऱ्यांना पाच यार्डांपलीकडे अडवण्यास मनाई झाली आणि पासचा खेळ वाढला. आता आखूड व रुंद शरीरापेक्षा लांब हात आणि मागे सरकताना न अडखळणारी पावले मोलाची ठरू लागली. सिनसिनाटी बेंगल्सचे अँथनी मुन्योझ (१९८०–९२) हे या नव्या टॅकलचे आदर्श उदाहरण. सलग ११ वेळा त्यांची प्रो बोल या लीगमधील निवडक खेळाडूंच्या मानाच्या सामन्यासाठी निवड झाली. खेळाडूला करार संपल्यावर संघ बदलण्याचे स्वातंत्र्य १९९३ मध्ये मिळाले, तेव्हा हे मोल पैशांत दिसले. बफेलोचे लेफ्ट टॅकल विल वोलफर्ड यांना इंडियानापोलिस कोल्ट्सने देऊ केलेल्या करारात, चढाईच्या तुकडीत त्यांचेच मानधन सर्वाधिक राहील, असे कलम होते. लीगने त्याला हरकत घेतली, पण करार टिकला.

हे स्वातंत्र्य मिळवण्याच्या लढ्याचे नेतृत्वही एका लाइनमननेच केले, हे लक्षात ठेवण्याजोगे आहे. ओकलंड रेडर्सचे गार्ड जीन अपशॉ (१९६७–८१) १९८३ पासून २००८ मध्ये मृत्यू येईपर्यंत खेळाडू संघटनेचे कार्यकारी संचालक होते. १९८७ चा संप त्यांच्याच काळातला.

कारकीर्दीचा क्रम : महाविद्यालयात तीन ते पाच वर्षे, इंडियानापोलिस येथील चाचण्या, ड्राफ्ट (संघांनी फेरीफेरीने नवे खेळाडू निवडणे) आणि उन्हाळी सराव शिबिर असा नेहमीचा मार्ग असतो. चाचण्यांत टॅकललाही ४० यार्ड धावावे लागते व सुमारे १०२ किलोचे वजन बेंचवर जमेल तितक्या वेळा उचलावे लागते. या आकड्यांवरून पुढील यशाचा अंदाज कितपत बांधता येतो, याबद्दल शंका आहे. फिलाडेल्फियाचे सेंटर जेसन केल्सी २०११ मध्ये सहाव्या फेरीत, १९१ व्या क्रमांकावर निवडले गेले आणि तेरा हंगाम खेळले. सरासरी कारकीर्द किती, यावर खेळाडू संघटना व लीग यांचे एकमत नाही. संघटना सर्व खेळाडूंसाठी ३.३ वर्षे सांगते. लीगचा आकडा सुमारे सहा वर्षांचा आहे, परंतु त्यात पहिल्याच हंगामात संघात स्थान पक्के केलेलेच खेळाडू मोजले आहेत. शिबिरातून परत पाठवलेले कितीतरी तरुण दुसऱ्या हिशेबात येतच नाहीत, म्हणून संघटनेचा आकडा व्यवसायाच्या वास्तवाशी जास्त जुळतो.

दीर्घायुषी कारकीर्दी अर्थातच आहेत. ब्रूस मॅथ्यूज (१९८३–२००१) हे २९६ सामने आणि रांगेतील पाचही जागा खेळले. क्लीव्हलँड ब्राउन्सचे लेफ्ट टॅकल जो थॉमस (२००७–१७) यांची नोंद वेगळ्या कारणाने महत्त्वाची. त्यांनी सलग १०,३६३ स्नॅप, म्हणजे खेळ्या, एकही न चुकवता खेळले. ऑक्टोबर २०१७ मध्ये दंडाचा स्नायू फाटल्यावर ही मालिका थांबली. स्नॅपची मोजणी १९९९ पासूनच होत असल्याने याला सर्वकालीन विक्रम म्हणताना सावध राहावे. या काळात त्यांच्या संघाचे वीस निरनिराळे क्वार्टरबॅक सामन्यांची सुरुवात करून गेले आणि संघ एकदाही बाद फेरीत पोहोचला नाही. तरी २०२३ मध्ये, पात्र ठरताच पहिल्या वर्षी, ते हॉल ऑफ फेममध्ये निवडले गेले. संघाच्या अपयशातूनही लाइनमनचे काम स्वतंत्रपणे पारखता येते, याचे याहून चांगले उदाहरण नाही.

शरीर व आजार : हाइन यांचे वजन सुमारे १०२ किलो होते, अपशॉ यांचे सुमारे ११६ आणि थॉमस यांचे १४० किलोच्या आसपास. हे वजन टिकवण्यासाठी भूक नसतानाही खावे लागते व निवृत्तीनंतर ते उतरवणे हे वेगळेच काम होऊन बसते. पिट्सबर्गचे गार्ड अ‍ॅलन फनेका यांनी ते उतरवून २०१४ मध्ये मॅरेथॉन पूर्ण केली. मिनेसोटा व्हायकिंग्जचे टॅकल कोरी स्ट्रिंगर १ ऑगस्ट २००१ रोजी सराव शिबिरातील उष्माघाताने मरण पावले. त्यांच्या नावाची संस्था कनेटिकट विद्यापीठात याच विषयावर काम करते.

मेंदूच्या विकाराचा इतिहास मात्र थेट याच रांगेतून सुरू होतो. पिट्सबर्ग स्टीलर्सचे सेंटर माइक वेबस्टर (१९७४–८८; नंतर कॅन्सस सिटी, १९८९–९०) यांनी चार सुपर बोल, म्हणजे लीगचे विजेतेपदाचे सामने, जिंकले. निवृत्तीनंतर स्मृती व वर्तन ढासळत जाऊन २००२ मध्ये वयाच्या पन्नासाव्या वर्षी त्यांचा मृत्यू झाला. डॉ. बेनेट ओमालू यांनी त्यांच्या मेंदूची तपासणी करून २००५ मध्ये क्रॉनिक ट्रॉमॅटिक एन्सेफॅलोपथी (सीटीई) या विकाराचे व्यावसायिक फुटबॉलपटूतील पहिले उदाहरण प्रसिद्ध केले. ओमालू यांनी हा विकार शोधला, असे सर्रास लिहिले जाते. ते काटेकोर नाही. मुष्टियोद्ध्यांतील अशा अवस्थेचे वर्णन हॅरिसन मार्टलंड यांनी १९२८ मध्येच केले होते व सीटीई हा शब्दप्रयोगही जुना आहे. फुटबॉलशी त्याचा संबंध दाखवणे, हे ओमालू यांचे श्रेय निर्विवाद आहे. लीगशी संलग्न समितीतील डॉक्टरांनी त्यांचा लेख मागे घेण्याची मागणी केली होती. मार्च २०१६ मध्ये लीगच्या प्रतिनिधीने अमेरिकी काँग्रेसपुढे हा संबंध मान्य केला. बॉस्टन विद्यापीठाच्या २०१७ च्या अभ्यासात एनएफएलच्या १११ दिवंगत खेळाडूंपैकी ११० जणांच्या मेंदूत सीटीई आढळला. हे मेंदू बहुतेक लक्षणे असलेल्यांच्या कुटुंबीयांनी दिलेले असल्याने सर्व खेळाडूंतील प्रमाण त्यावरून ठरवता येत नाही. अभ्यास प्रसिद्ध झाल्यावर दोनच दिवसांनी बाल्टिमोर रेव्हन्सचे गार्ड व गणितज्ञ जॉन अर्शेल यांनी वयाच्या सव्विसाव्या वर्षी निवृत्ती जाहीर केली.

लाइनमनच्या बाबतीत एकेका मोठ्या धडकेपेक्षा प्रत्येक खेळीत होणाऱ्या लहान धडकांची बेरीज अधिक घातक असावी, या मताकडे संशोधकांचा कल आहे.

अमेरिकेबाहेर : अलीकडे इतर खेळांतूनही या जागी खेळाडू येऊ लागले आहेत. ऑस्ट्रेलियाचे रग्बी लीग खेळाडू जॉर्डन मायलाटा यांची फिलाडेल्फियाने २०१८ मध्ये निवड केली, तेव्हा ते अमेरिकन फुटबॉलचा एकही सामना खेळलेले नव्हते. पुढे ते त्याच संघाचे लेफ्ट टॅकल झाले आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये सुपर बोल जिंकणाऱ्या संघात होते. भारतात २०१२ च्या सुमारास सुरू झालेल्या एलिट फुटबॉल लीगमध्ये पुणे मराठाज आणि मुंबई ग्लॅडिएटर्स हे संघ होते. तिच्या पहिल्या हंगामातील सामने श्रीलंकेत खेळवले गेले.