लक्षद्वीपचा प्रवेश परवाना : अर्ज अडकतो तो आपल्याच तालुक्यात

आमच्या विदर्भातल्या सेतू केंद्रावर सातबारा, उत्पन्नाचा दाखला आणि पीकविमा यांचीच रांग असते. जानेवारी २०२४ मध्ये पंतप्रधानांचे लक्षद्वीपच्या किनाऱ्यावरचे फोटो मोबाइलवर फिरले आणि त्या रांगेत एक नवीन प्रश्न येऊन उभा राहिला : "तिकडं जायाले परमिट लागते म्हनते, काढून देता काय?" तेव्हापासून प्राणिशास्त्राची पोरं, मत्स्य विज्ञानाची पोरं, ताडोब्याच्या बफरमधले दोन गाइड आणि पाण्याखालचे प्रवाळ (कोरल) एकदा डोळ्यांनी बघायचेच म्हणणारे एक निवृत्त गुरुजी, अशा बऱ्याच जणांचे अर्ज भरून दिले. पहिल्या वर्षी बरेचसे परत आले. कारणं बघत गेलो तर तिकडच्या बेटांवरचं एकही नव्हतं, सगळी इथल्याच कागदांत होती.

परवाना भारतीय नागरिकालाही लागतो. बेटावर जन्मलेला नसलेल्या प्रत्येकाला तो घ्यावा लागतो, आणि ही अट १९६७ च्या प्रवेश व निवास निर्बंध नियमांपासूनची आहे. यावर केंद्रात बसून चिडणारे पुष्कळ बघितले. "आपल्याच देशात जायाले कायचं परमिट?" त्यांना मी ताडोब्याचा हिशेब सांगतो. लक्षद्वीपची बेटं ३६, वस्ती त्यातल्या १० बेटांवर, आणि सगळी मिळून जमीन ३२ चौरस किलोमीटर. आपलं ताडोबा राष्ट्रीय उद्यानच ११६.५५ चौरस किलोमीटरचं आहे. म्हणजे त्याच्या पाव हिश्शाहून थोडी जास्त जमीन, तीवर २०११ च्या जनगणनेत ६४ हजारांवर माणसं, बहुतेक सगळी अनुसूचित जमातीतली, आणि पिण्याचं गोडं पाणी म्हणजे वाळूखाली साठलेला पातळ थर. ताडोब्याच्या कोअरमध्ये सफारीच्या जिप्सी मोजून सोडतात, तसे तिथे माणसं मोजून सोडतात. एवढं कळलं की अर्जातले प्रश्न जाचक वाटत नाहीत. कोणत्या बेटावर, कुणाकडे, कधीपर्यंत, एवढंच तो अर्ज फिरवून फिरवून विचारतो.

जायच्या वाटा दोन. पहिली सरकारी पर्यटनाची. लक्षद्वीप प्रशासनाची 'स्पोर्ट्स' नावाची संस्था आहे, जहाजाच्या आणि बेटावरच्या मुक्कामाच्या सहली तीच चालवते. या वाटेने गेलात तर परवान्याचं काम संस्थाच बघते, तुम्ही ओळखपत्र, फोटो आणि पैसे द्यायचे. खिशाला जड आहे, पण घरात म्हातारं माणूस किंवा लहान पोर असेल तर सरळ हीच वाट धरा. दुसरी वाट प्रायोजकाची. प्रशासनाच्या ई-परमिट पोर्टलवर खातं उघडून अर्ज करायचा, अर्जशुल्क आणि वारसा शुल्क, म्हणजे 'हेरिटेज फी', भरायचं (माणशी काही शेकड्यांचंच प्रकरण आहे, आकडा त्या दिवशी पोर्टलवर दिसेल तोच खरा). भरायला अर्धा तास पुरतो. पुढचं सगळं लिखाण या दुसऱ्या वाटेबद्दल आहे, कारण अडकतात ते इथेच.

प्रायोजक म्हणजे आमदार नव्हे

सगळ्यात जास्त अर्ज याच रकान्यात बुडाले. प्रायोजक म्हणजे त्या बेटावरचा रहिवासी, जो तुमची जबाबदारी घेतो. कॉलेजचे प्राचार्य नव्हे, सरपंच नव्हे. एका मुलाने खरंच आमदारांच्या लेटरहेडवर शिफारस आणली होती. "सर, यायचं पत्र लावलं त जमते ना?" नाही जमत. मुंबईला हॉटेलात उतरावं तसं लक्षद्वीपला उतरता येत नाही, कुणीतरी तिथला माणूस तुमच्या नावापुढे उभा असावा लागतो.

आता यवतमाळ-गडचिरोलीच्या माणसाला लक्षद्वीपच्या राजधानीत, कवरत्तीत, ओळखीचा कोण असणार? हाच तो रकाना, जो कुणालाच भरता येत नाही. त्यातून दलाल तयार झाले आहेत. इंटरनेटवर 'प्रायोजक मिळवून देतो' म्हणणारे भेटतात, आगाऊ पैसे घेतात. आमच्याकडच्या तिघांचे पैसे असेच गेले. पैसे गेले ते गेलेच, शिवाय ज्याचं नाव दिलं त्या माणसाला यांचा पत्ताच नव्हता, म्हणून अर्जही गेला. त्यापेक्षा डायव्हिंग शिकवणारी केंद्रं आणि घरगुती मुक्काम देणारी कुटुंबं बेटावर आहेत. बुकिंग आधी त्यांच्याशी बोला, प्रायोजक होणार का हे फोनवर स्पष्ट विचारा, आणि त्यांनी दिलेलं नाव, बेट, तारखा अक्षर न बदलता अर्जात टाका. मराठी कळणारं कुणी भेटेल ही आशा ठेवू नका. तिथे मल्याळम चालते, मिनिकॉय बेटावर महल नावाची भाषा. मोडक्या हिंदी-इंग्रजीवर काम भागतं.

आणि परवाना ज्या बेटाचा, त्याच बेटाचा. अगत्तीचा घेऊन कदमतला उतरता येत नाही. दोन बेटं बघायची तर दोन्ही नावं अर्जातच लिहा.

पोलिसांचा दाखला

अर्जाला पोलिसांचा दाखलाही जोडावा लागतो. त्याच्या सूचनेत पोलीस आयुक्त असा शब्द दिसला की पोरं नागपूरला आयुक्तालयात जाऊन उभी राहतात. विदर्भात आयुक्तालयं नागपूर आणि अमरावती या शहरांना आहेत. बाकी आपण सगळे पोलीस अधीक्षकांच्या हद्दीत येतो, आणि अधीक्षक कार्यालयाचं चारित्र्य पडताळणी प्रमाणपत्र हाच तो दाखला. अर्ज ऑनलाइन होतो, मग तुमच्या ठाण्यातून पडताळणीला बोलावतात. बोलावतात तेव्हा गावात हजर असावं लागतं, आणि घोळ तिथेच होतो. पोरगं नागपुरात खोली करून शिकतंय, आधारवर पत्ता गावचा, ठाण्यातून फोन गेला तेव्हा हे परीक्षेत. शेरा पडतो, 'अर्जदार आढळून आला नाही'. पुन्हा पहिल्यापासून. म्हणून दिवाळीत जायचं असेल तर पोळ्याला घरी आलात की हे उरकून टाका.

नोकरीसाठी गेल्या वर्षी काढलेला दाखला चालवून बघू नका, त्यावर कारण छापलेलं असतं. दाखला मराठीत निघाला असेल तर इंग्रजी प्रत मागा. साहेब कुरकुर करतील, मागा.

नावाचं तर काय सांगावं. शाळेच्या टीसीवर आडनाव आधी, आधारवर शेवटी, पॅनवर वडिलांच्या नावातला 'राव' गळालेला. तलाठी आपल्याला ओळखतो म्हणून इथे निभतं. लक्षद्वीपची जहाजं सुटतात त्या कोचीच्या धक्क्यावर परवाना, तिकीट आणि आधार एकत्र धरून बघतात. तिन्हींवर एकच स्पेलिंग हवं. आधार दुरुस्त करायचं असेल तर ते सगळ्यात आधी.

तारखा

अर्जात प्रवासाची तारीख विचारतात तेव्हा बरेच जण नागपूरहून गाडीत बसायची तारीख लिहितात. नागपूर, बल्लारशाहवरून केरळ एक्स्प्रेसने एर्नाकुलमला, म्हणजे कोचीला, पोहोचायलाच सव्वा दिवस जातो, आणि तिथून जहाजाचे बेटानुसार १४ ते २० तास. परवान्यासाठी बेटावरच्या तारखा हव्या असतात. परतीला दोन दिवस वाढवून मागा, कारण समुद्र खवळला की जहाज उशिरा सुटतं आणि मुदत संपलेला कागद हातात घेऊन बसावं लागतं. परवाना हाती आल्याशिवाय जहाजाचं तिकीट काढायच्या मागे लागू नका. विमान फक्त अगत्तीला उतरतं.

दुसरी चूक याहून मोठी. आपल्या मास्तरांची आणि पोरांची मोठी सुट्टी मे-जूनमध्ये. नेमका मेच्या मध्यापासून सप्टेंबरच्या मध्यापर्यंत तिकडे पावसाळी समुद्र, जहाजं कमी, डायव्हिंग बंद. एप्रिलमध्ये परीक्षा संपवून धावत येणाऱ्या प्रत्येकाला मी परत पाठवतो. दिवाळीची सुट्टी धरा, नाहीतर कॉलेजकडून जानेवारीत रजा घ्या.

"एकच तुकडा आनू, प्रयोगशाळेसाठी"

नाही. पर्यटक परवाना म्हणजे संशोधनाचा परवाना नव्हे. दगडी प्रवाळांच्या सगळ्या जाती वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ च्या अनुसूची १ मध्ये आहेत, म्हणजे कायद्याच्या लेखी वाघाच्या रांगेत. किनाऱ्यावर आपोआप वाहून आलेला मेलेला पांढरा तुकडाही उचलायचा नाही, विमानतळावर बॅग उघडून काढतात. समुद्रकाकडी हा समुद्रतळाशी राहणारा प्राणीही त्याच अनुसूचीत आहे, आणि तिच्यासाठी २०२० मध्ये लक्षद्वीपच्याच चेरियापाणीला २३९ चौरस किलोमीटरचं राखीव क्षेत्र जाहीर झालं. नमुने खरंच हवे असतील तर कायद्याच्या कलम १२ खाली मुख्य वन्यजीव रक्षकांची परवानगी लागते, आणि अनुसूची १ साठी केंद्राचीही. ती संस्थेच्या नावाने मागायची, महिनोन्महिने लागतात, बी.एस्सी.च्या प्रोजेक्टसाठी कुणी देत नाही. फोटो काढा, मोजणी करा. त्याला काही लागत नाही आणि गुणही पडतात.

एका बाईंनी विचारलं, अंगठीतलं पोवळं तिकडे स्वस्त मिळतं का. ते पोवळं वेगळं, खोल भूमध्य समुद्रातल्या लाल प्रवाळाचं. लक्षद्वीपचे प्रवाळ उथळ, कोमट पाण्यातले. त्यांच्या अंगात सूक्ष्म शैवाल राहतं, रंग आणि बरंचसं अन्न त्याच्याकडूनच येतं. नेहमीच्या उन्हाळ्यापेक्षा पाणी एखाद्या अंशाने वर गेलं आणि काही आठवडे तसंच राहिलं की हे शैवाल निघून जातं, प्रवाळ पांढरं पडतं. चंद्रपूरच्या ४७ अंशांत आपण रसाच्या गाडीपर्यंत चालत जातो, त्याला एक अंश जड जातो. १९९८, २०१०, २०१६ आणि २०२४, अशा प्रवाळ पांढरं पडण्याच्या लाटा येऊन गेल्या. नेचर कॉन्झर्व्हेशन फाउंडेशनच्या संशोधकांनी २४ वर्षं मोजमाप केलं, त्यात जिवंत प्रवाळांचं आच्छादन सुमारे ३७ टक्क्यांवरून १९ टक्क्यांवर आलेलं दिसलं. तुम्ही जे बघायला निघालात ते आधीच अर्धं झालंय. त्यावर पाय ठेवून सेल्फी काढू नका, एवढं तरी.

डॉक्टरांची सही

डायव्हिंगच्या केंद्रावर आरोग्याचा फॉर्म भरून घेतात. दमा, कान, हृदय असे प्रश्न असतात, एकाही ठिकाणी 'हो' आलं तर डॉक्टरांची सही लागते. तालुक्यातला डॉक्टर असा फॉर्म आयुष्यात पहिल्यांदा बघतो आणि हात वर करतो. म्हणून कोरा फॉर्म आधीच मागवून घ्या आणि जिल्ह्याच्या ठिकाणी छातीच्या नाहीतर कानाच्या डॉक्टरांकडे जा.

आपल्या भागासाठी एक गोष्ट वेगळी सांगायला हवी. सिकलसेल, म्हणजे तांबड्या रक्तपेशींचा आनुवंशिक आजार. त्याच्या तपासणीचं कार्ड घरी ठेवून 'सगळं ठीक' अशी खूण करणारी पोरं मी बघितली आहेत, ट्रिप जाईल या भीतीने. सिकलसेलच्या रुग्णाला पाण्याखालचा दाब आणि प्राणवायूची कमतरता दोन्ही धोक्याचे आहेत. कार्ड दाखवा, वाहक असाल तरी सांगा. खाली जायला मनाई झाली तरी काचतळाच्या होडीतून प्रवाळ दिसतात. आणि एकाहून जास्त डाइव्ह केल्या असतील तर विमानात बसायच्या आधी निदान १८ तास जाऊ द्या, परतीचं तिकीट त्या हिशेबाने काढा.

परवाना नाहीच मिळाला तर

अंदमानला, पोर्ट ब्लेअर म्हणजे आताचं श्री विजयपुरम, स्वराज द्वीप, शहीद द्वीप इथे भारतीयांना परवाना लागत नाही. मात्र वांडूरच्या महात्मा गांधी सागरी राष्ट्रीय उद्यानातलं जॉली बॉय बेट बघायला वनखात्याची परवानगी घ्यावी लागते, आणि प्लास्टिकच्या बाटल्या धक्क्यावरच अडवतात. घरून स्टीलची न्या. आदिवासी राखीव भागाची परवानगी मागायच्या फंदात पडू नका, ती पर्यटकाला नाहीच.

आणि मालवण आहेच. सिंधुदुर्ग किल्ल्याभोवतीच्या समुद्रात प्रवाळ आहेत, १९८७ पासून तिथे २९.१२ चौरस किलोमीटरचं सागरी अभयारण्य आहे. ना प्रायोजक लागत, ना पोलिसांचा दाखला. आमचे गुरुजी दोनदा अर्ज परत आल्यावर तिकडेच जाऊन आले. तिसऱ्यांदा अर्ज करायचं म्हणतात, आधारवरचा 'राव' तेवढा दुरुस्त होऊन यायचा आहे.