कंबरेतली भूल: स्पायनल-एपिड्युरलची पार्श्वभूमी आणि मराठवाड्यातला सुईचा वाद

मराठवाड्यातल्या तालुक्याच्या गावी सिझर, हर्निया किंवा मांडीच्या हाडाचं ऑपरेशन ठरलं की नातेवाईक आधी खर्च विचारतात. लगेच दुसरा प्रश्न येतो, "पूर्ण भूल देणार का कंबरेतली?" कंबरेतली म्हटलं की जीव भांड्यात पडतो. माणूस जागा राहणार, बोलणार, म्हणजे धोका नाही, असं साधं गणित. डॉक्टर मंडळींचं गणितही फारसं वेगळं नसतं, फक्त ते मोठ्यानं बोलत नाहीत. या भुलेचा इतिहास सव्वाशे वर्षांचा आहे, पण आपल्या भागापुरतं बोलायचं तर खरा मामला गेल्या वीस वर्षांतला, आणि त्यातलं भांडण एकच: सुई टोचायची कुणी?

जुनं थोडक्यात. १९४८ पर्यंत हा मुलूख निजामाच्या राज्यात होता आणि भूलशास्त्रात त्या राज्याचं नाव झालं ते क्लोरोफॉर्म या हुंगवून बेशुद्ध करायच्या औषधामुळे. १८८८ आणि १८८९ साली हैदराबादेत निजामाच्या पैशातून दोन आयोग बसले. जनावरांवर शेकडो प्रयोग करून त्यांनी निर्वाळा दिला की क्लोरोफॉर्मने आधी श्वास थांबतो, हृदय नंतर. तेव्हा भूल देणाऱ्याने नाडी धरून बसू नये, श्वास बघावा. हे निम्मंच खरं निघालं. क्लोरोफॉर्म हृदयही थेट बंद पाडू शकतं, हे १९११ च्या सुमारास दिसून आलं. श्वासावर नजर ठेवायची शिस्त मात्र टिकली. गंमत अशी की स्पायनलमध्ये, म्हणजे कंबरेतून मणक्यातल्या पाण्यात औषध सोडून दिलेल्या भुलेत, एवढ्यानं भागत नाही. पेशंट गप्पा मारत असतो, श्वास झकास चाललेला असतो, आणि बीपी तेवढ्यात खाली सरकत असतं.

स्पायनलचा जन्म जर्मनीतल्या कील शहरातला, ऑगस्ट १८९८ चा. तिथल्या एका सर्जनाने क्षय झालेल्या घोट्याचं ऑपरेशन मणक्यात कोकेन सोडून केलं. काही दिवसांतच त्याने स्वतःच्या कंबरेत सुई घालून घेतली, पण सिरिंज सुईला नीट बसेना. मणक्यातलं पाणी वाहून गेलं आणि औषध सांडलं. मग त्याने तोच प्रयोग सहाय्यकावर केला. नडगीवर हातोडा मारून, कातडीला पेटता सिगार टेकवून दुखतंय का ते पाहिलं. दुखलं नाही. रात्री दोघांनी वाइन घेतली, आणि पुढचे नऊ दिवस सर्जनसाहेब अंथरुणाला खिळले. उठून बसलं की डोकं फुटायचं. आज स्पायनलनंतर बाळंतिणीला जी डोकेदुखी होते ती हीच. एपिड्युरल, म्हणजे औषध मणक्यातल्या पाण्यात न सोडता त्याच्या पडद्याबाहेरच्या जागेत सोडायची पद्धत, मागून आली. कंबरेतून ती देण्याची पद्धत १९२१ मध्ये स्पेनच्या एका लष्करी सर्जनाने लिहून काढली, पण दोन वर्षांत तो मोटार अपघातात गेला आणि १९३० च्या दशकात इटलीत ती जवळजवळ नव्याने शोधावी लागली. कोकेनची जागा त्याआधीच, १९०५ च्या सुमारास, प्रोकेनने घेतली होती.

स्पायनलची पत घसरली ती १९४७ मध्ये. इंग्लंडमधल्या एका रुग्णालयात एकाच दिवशी दोन पुरुषांची किरकोळ ऑपरेशनं स्पायनलखाली झाली आणि दोघंही कंबरेखाली कायमचे लुळे झाले. औषधाची काचेची ॲम्प्युलं निर्जंतुक राहावीत म्हणून फिनॉल या जंतुनाशकात बुडवून ठेवलेली असत. डोळ्यांना न दिसणाऱ्या तड्यांतून फिनॉल आत झिरपलं, असं कोर्टात मानलं गेलं. १९५४ मध्ये अपील न्यायालयाने डॉक्टरांना दोषमुक्त केलं. १९४७ च्या अपघाताकडे १९५४ चा चष्मा लावून बघू नये, असं निकालात म्हटलं आहे. पुढे काही भूलतज्ज्ञांनी निराळी शक्यता मांडली: सुया-सिरिंज उकळण्याच्या भांड्यातला क्षार काढायला वापरलेलं ॲसिड मागे राहिलं असावं. कारण काहीही असो, ब्रिटनमध्ये स्पायनल बरीच वर्षं बाजूला पडली, आणि आपल्याकडची वैद्यकीय पुस्तकं तिथूनच येत होती.

ती परत आली ती औषध आणि सुई सुधारल्यावर. बुपिव्हाकेन हे बधिर करणारं औषध १९५७ साली तयार झालं. त्यात साखर मिसळून केलेलं जड द्रावण, थिएटरमध्ये ज्याला नुसतं 'हेवी' म्हणतात, मणक्यातल्या पाण्यापेक्षा जड असल्यामुळे उताराकडे जातं. टेबलाचा कल बदलून भूल कुठवर चढवायची ते बऱ्यापैकी ठरवता येतं. सिझरसाठी चार मिलीच्या ॲम्प्युलातलं दोन मिलीच्या आसपास पुरतं. पेशंटला बसवायचं, हनुवटी छातीला लावायला सांगायची, सिस्टरने पुढून खांदे धरायचे. मज्जारज्जू वरच संपतो म्हणून कंबरेच्या तिसऱ्या-चौथ्या मणक्यांमधली फट बोटाने चाचपायची. सुई आत जाते, पडदा ओलांडल्याचं बोटांना जाणवतं, आतली तार काढली की सुईच्या मागच्या टोकाला पाण्याचा स्वच्छ थेंब येतो. थेंब आला की औषध सोडायचं. दोन-चार मिनिटांत "पाय जड झाले का मावशी?" आणि मावशी म्हणते, "मुंग्या आल्यात." दीड-दोन तास सर्जन मोकळा.

यात गॅसची भूल देणारं बॉईल मशीन चालवावं लागत नाही, घशात ट्यूब टाकावी लागत नाही, गॅस लागत नाही. लागतं काय, तर एक सुई, एक ॲम्प्युल, सलाईन, ऑक्सिजन आणि बीपी चढवायला मेफेन्टरमिन. खर्च नगण्य. वीज जाणाऱ्या, ऑक्सिजनचे सिलिंडर जिल्ह्याहून येणाऱ्या गावांत हीच पद्धत रुजणार होती. माझं मत विचाराल तर स्पायनलने मराठवाडा जिंकला तो ती सगळ्यात सुरक्षित आहे म्हणून नव्हे, ती सगळ्यात कमी सरंजामात होते म्हणून. आणि इथेच पुढच्या वादाचं बी आहे. कारण ज्याला कमी सरंजाम लागतो, त्याला माणूसही कमी लागतो असं सगळ्यांना वाटू लागतं.

२००५ मध्ये राष्ट्रीय ग्रामीण आरोग्य अभियान आलं, त्याच वर्षी जननी सुरक्षा योजना. बाया दवाखान्यात बाळंत होऊ लागल्या. पण ग्रामीण रुग्णालयात सिझर करायचं तर तीन गोष्टी हव्यात: सर्जन, रक्त आणि भूल. पहिल्या दोन्हींची कशीबशी सोय लागे. भूलतज्ज्ञ मिळत नसे. आठ जिल्ह्यांच्या मराठवाड्यात तेव्हा सरकारी वैद्यकीय महाविद्यालयं चार ठिकाणी: औरंगाबादला १९५६ पासून, अंबाजोगाईला सत्तरच्या दशकापासून, नांदेडला १९८८ पासून आणि लातूरला २००२ पासून. जालना, परभणी, हिंगोली, उस्मानाबाद कोरडे. किनवटच्या बाईचं बाळ आडवं असेल तर नांदेड शंभर किलोमीटरहून लांब. आष्टीची माणसं तर बीडच्या नादी न लागता सरळ नगर गाठतात. योजनेत खाजगी डॉक्टर बोलावण्यासाठी एका बाळंतपणामागे १५०० रुपयांपर्यंत तरतूद होती, पण पैसे देऊन बोलवायलाही गावात कुणी असावं लागतं.

यावर केंद्र सरकारने काढलेला तोडगा म्हणजे १८ आठवड्यांचं प्रशिक्षण. एमबीबीएस झालेल्या वैद्यकीय अधिकाऱ्याला वैद्यकीय महाविद्यालयात आणि जिल्हा रुग्णालयात भूल देण्याचं शिक्षण द्यायचं आणि तातडीच्या बाळंतपणापुरती भूल द्यायची मुभा द्यायची. सरकारी कागदात त्याचं नाव 'लाईफ सेव्हिंग ॲनेस्थेटिक स्किल्स'.

भूलतज्ज्ञांच्या संघटनेतून विरोध झाला. तीन वर्षांच्या एमडीचं काम जेमतेम चार महिन्यांत कसं शिकवणार, हा आक्षेप वरवर पदवीच्या अभिमानाचा वाटतो, आणि थोडा तसा होताही. धंदा जाईल ही भीती कुणी बोलून दाखवली नाही, पण नव्हती असं कोण म्हणेल? तरी आक्षेपाचा गाभा खरा होता. स्पायनल टोचणं हे हाताचं काम आहे, शंभरएक केल्या की हात बसतो. बिकट आहे ते टोचल्यानंतरचं. कंबरेखालच्या रक्तवाहिन्या सैल पडतात, रक्त पायांकडे साचतं, त्यात भरल्या दिवसांचं पोट मोठ्या शिरेवर दाब देतं, बीपी कोसळतं, बाईला मळमळतं, ती म्हणते, "डोळ्यापुढं अंधारी येतेय." त्या घडीला पोट डावीकडे कलतं करून औषध द्यायला कुणीतरी तिच्या उशाशी उभं असावं लागतं. भूल छातीच्या वर चढली तर हाताची मूठ सैल पडते, आवाज बसतो, श्वास लागतो. मग ट्यूब टाकता आलीच पाहिजे, तीही गरोदर बाईला, जिचा घसा सुजलेला आणि पोट भरलेलं असतं. कधी स्पायनल लागतच नाही, अर्धवट लागते, आणि पोट उघडलेलं असतं. म्हणजे ज्याला पूर्ण भूल देता येते त्यानेच अर्धी द्यावी.

दुसऱ्या बाजूचं उत्तर तितकंच रोखठोक होतं: तज्ज्ञ यायला तयार नाहीत आणि बाई रस्त्यात मरते. तिला १८ आठवडे शिकलेला माणूस चालेल की कुणीच नको? याला संघटनेकडे नीट उत्तर नव्हतं. तज्ज्ञ खेड्यात का येत नाहीत यावर बोलणं वळलं की चर्चा पगार, क्वार्टर आणि बदल्यांत अडकायची.

या वादात एक जुनी वहिवाट दोन्ही बाजूंनी सोयीने झाकली. छोट्या नर्सिंग होममध्ये सर्जनने स्वतःच स्पायनल टोचायची, ग्लोव्हज बदलायचे आणि चाकू हातात घ्यायचा, उशाशी नर्स किंवा वॉर्डबॉय, हा प्रकार सरकारी योजनेच्या कितीतरी आधीपासून चालत आलेला. भूल देणारा आणि कापणारा एकच, म्हणजे बीपी पडलं तर बघायचं कुणी? १८ आठवडे शिकलेला अधिकारी निदान दुसरं काही न करता उशाशी उभा तरी राहतो. माझ्या लेखी या प्रशिक्षणाचं खरं मूल्यमापन एमडीशी तुलना करून व्हायला नको होतं, या वहिवाटीशी तुलना करून व्हायला हवं होतं.

पुढे झालं ते सरकारी खात्यात होतं तेच. प्रशिक्षण घेतलेला अधिकारी जिथे थिएटरच नाही अशा केंद्रावर बदलून जाई. कुणाचा एकट्याने भूल देण्याचा धीर होत नसे, आणि काही झालं तर आपल्या मागे कोण उभं राहणार हा प्रश्न होताच. ज्यांना चांगला सर्जन आणि जवळ वरिष्ठ मिळाले त्यांनी मात्र काम केलं.

धोक्यांबद्दल लोकांत जे बोललं जातं आणि प्रत्यक्षात जे घडतं त्यांचा मेळ बसत नाही. "त्या सुईनं माझी कंबर धरली, तवापासून वाकता येईना," हे वाक्य ओपीडीत रोजचं. टोचल्या जागी काही दिवस दुखतं, हे खरं. पण वर्षानुवर्षांच्या कंबरदुखीचा संबंध स्पायनलशी अभ्यासांत आढळलेला नाही. गरोदरपण, बाळंतपणानंतर लगेच डोक्यावर पाण्याचा हंडा, ऊसतोडीत मोळी उचलणं, याकडे बोट कुणी दाखवत नाही. सुई आठवते, कारण ती एकदाच आणि परक्याने टोचलेली असते. डोकेदुखी मात्र खरी. ती एक-दोन दिवसांनी सुरू होते, बसलं की वाढते, आडवं झालं की उतरते. जाड, धारदार टोकाच्या सुयांनी जास्त, बारीक, २५ किंवा २७ गेजच्या पेन्सिल टोकाच्या सुयांनी बरीच कमी. घरी "वारं लागलं" म्हणून कान बांधतात. आडवं पडून, पाणी आणि चहा-कॉफी घेऊन बहुतेकांची उतरते. हट्टी असेल तर स्वतःचंच पंधरा-वीस मिली रक्त कंबरेतल्या एपिड्युरल जागेत सोडतात. पण बाळंतिणीची प्रत्येक डोकेदुखी स्पायनलच्या खात्यावर टाकणं घातक. आडवं पडूनही न थांबणारी, झटक्यांसह किंवा चढलेल्या बीपीसह आलेली डोकेदुखी मेंदूतली गुठळी किंवा एक्लॅम्प्सियाही (गरोदरपणातल्या चढलेल्या बीपीमुळे येणारे झटके) असू शकते.

कायमचं लुळेपण ही सगळ्यांची धास्ती. ब्रिटनमध्ये २००६-०७ च्या सुमारास सात लाखांवर स्पायनल-एपिड्युरलची पाहणी झाली. कायमची इजा लाखात दोन ते चार जणांना, बाळंतिणींत तर त्याहूनही कमी. आकडा तिथल्या थिएटरांतला आहे, रात्री दोनच्या ग्रामीण रुग्णालयाला तो जसाच्या तसा लावता येत नाही. आपल्याकडे वाढता धोका वेगळाच आहे: अँजिओप्लास्टी झालेली, क्लोपिडोग्रेलवर (रक्ताची गुठळी होऊ न देणारी गोळी) असलेली माणसं आता तालुक्याला हाड बसवायला येतात. गोळी चालू आहे हे विचारलंच नाही, तर मणक्यात रक्त साकळून पाय जाऊ शकतात.

एपिड्युरल इकडे का रुजली नाही, याचं उत्तर वरच्याच हिशेबात आहे. जाड सुई, बारीक नळी, दहा-वीस मिली औषध, आणि मुख्य म्हणजे कळा चालू असेपर्यंत तासन्‌तास लक्ष ठेवणारा माणूस. औषध चुकून शिरेत गेलं तर झटके येतात, मणक्याच्या पाण्यात गेलं तर भूल वर चढते. संभाजीनगर, नांदेड, लातूरच्या खाजगी रुग्णालयांत वेदनारहित प्रसूतीच्या पाट्या आहेत. पाच खाटांच्या दवाखान्यात ते परवडत नाही.

स्वस्त आणि सोप्या भुलेची आणखी एक बाजू २०१९ मध्ये पुढे आली. बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड बायकांच्या गर्भाशयं काढण्याची चौकशी राज्य सरकारच्या समितीने केली. पाहणी केलेल्या ८२ हजारांहून अधिक बायकांपैकी १३ हजारांहून अधिकांचं गर्भाशय काढलेलं होतं. याचा दोष भुलेवर टाकायचा नाही. पण पोटातून गर्भाशय काढणं सर्रास स्पायनलखाली होतं, आणि एवढं मोठं ऑपरेशन छोट्या दवाखान्यात दुपारभरात उरकता येतं ते तिच्यामुळेच. त्या सुमारास बीडमध्ये खाजगी दवाखान्यांना अशा ऑपरेशनआधी जिल्हा शल्यचिकित्सकांची परवानगी सक्तीची झाली. ती परवानगी गर्भाशय काढण्याची. भूल कोण देणार हे त्यात कळीचं मानलं गेलं नाही.

२०२२ पासून धाराशिव, परभणी, जालना, हिंगोली इथेही सरकारी वैद्यकीय महाविद्यालयं आली. तिथून भूलशास्त्रातले एमडी बाहेर पडायला अजून वर्षं लागतील, आणि पडले तरी ते किनवट-आष्टीला जातील याची हमी नाही. तोवर तालुक्यांची भिस्त ऑन-कॉल भूलतज्ज्ञावर आहे. तो एका थिएटरमधून दुसऱ्यात बॅग घेऊन फिरतो, स्पायनल टोचतो, आणि पुढच्या दवाखान्यातून फोन आला की ऑपरेशन संपेपर्यंत थांबायचं की निघायचं हे त्याचं त्यालाच ठरवावं लागतं.