नाशवंत मुद्देमाल: सुटकेच्या आदेशामागचा कायदा

पोलिसांनी जप्त केलेला माल हा खटल्यातील पुरावा असतो आणि तो निकालापर्यंत जपून ठेवावा, असा फौजदारी कामकाजाचा जुना शिरस्ता आहे. हत्यार किंवा दागिना वर्षानुवर्षे मुद्देमाल खोलीत राहू शकतो; मासळी, दूध, भाजीपाला किंवा मांस राहू शकत नाही.

ही अडचण कायद्याच्या ध्यानात फार पूर्वीच आली होती. 1898 च्या फौजदारी प्रक्रिया संहितेतील कलम 525 नुसार मालक अज्ञात किंवा गैरहजर असेल आणि माल लवकर नासणारा असेल, तर दंडाधिकाऱ्यांना तो विकण्याचा आदेश देता येत असे. म्हणजे तिथे विचार मुख्यतः बेवारस मालाचा होता. न्यायालयापुढे आणलेल्या मालासाठी 1923 च्या दुरुस्तीने कलम 516 अ आले आणि खटला चालू असतानाच नाशवंत वस्तूची विक्री करण्याचा किंवा तिची अन्य विल्हेवाट लावण्याचा अधिकार न्यायालयाला मिळाला. 1973 च्या संहितेत हेच अधिकार अनुक्रमे कलम 459 आणि 451 मध्ये आले. कलम 452 मध्येही नाशवंत मालाला सवलत होती: निकालानंतर मालाच्या विल्हेवाटीचा आदेश अमलात आणण्यापूर्वी एरवी दोन महिने थांबावे लागे, या मालासाठी मात्र नाही.

अन्नधान्याचा मार्ग काहीसा वेगळा आहे. अत्यावश्यक वस्तू अधिनियम, 1955 मध्ये 1966 साली घातलेल्या कलम 6 अ नुसार जप्त माल सरकारजमा करण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांकडे गेला आणि 1976 च्या दुरुस्तीने नासणारा माल विकण्याची तरतूदही त्यात आली. त्याच दुरुस्तीच्या कलम 6 इ ने अशा मालाबाबत अन्य न्यायालयांच्या अधिकाराला अटकाव केला, त्यामुळे अर्ज कोणापुढे करायचा हाच पहिला वाद होऊन बसतो.

तरतुदी असूनही पोलीस ठाण्यांच्या आवारात माल कुजतच राहिला. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या प्रकरणात 2002 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कलम 451 चे अधिकार तत्परतेने वापरावेत आणि जप्त वस्तू पंधरा दिवस ते एक महिना यापेक्षा जास्त काळ ठाण्यात ठेवू नयेत, असे सांगितले. पंचनामा, छायाचित्रे आणि बंधपत्र घेऊन माल परत देता येतो, ही त्या निकालातील व्यवहार्य बाब आजही प्रत्येक अर्जात उद्धृत होते. महिन्याची मुदत वाहनाला पुरेशी असली, तरी बर्फ वितळत चाललेल्या मासळीच्या पेट्यांना ती निरुपयोगी आहे, हे उघड आहे.

अशा पेट्यांच्या बाबतीत सारे काही तासांवर येते. मालक बिले आणि परवाने जोडून अर्ज करतो, न्यायालय तपास अधिकारी व सरकारी वकील यांचे म्हणणे मागवते, आणि ते येण्यास एक दिवस लागला तरी मालाची किंमत घसरते. मालाच्या दर्जाविषयीच शंका असेल, तर नमुने काढून सीलबंद केल्यावर उरलेल्या साठ्याचे पुराव्यातील महत्त्व बहुधा संपते. तो खाण्यास अयोग्य ठरला तर मात्र सोडण्याचा प्रश्न उरत नाही, तो नष्टच करावा लागतो. मालकीचाच वाद असेल, तर विक्री करून रक्कम न्यायालयात जमा ठेवणे हा सर्वांत कमी नुकसानीचा मार्ग, कारण अखेरच्या आदेशाच्या वेळी ती रक्कम मालाच्या जागी धरली जाते.

1973 च्या संहितेची जागा घेत 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 497 ने मालाचे विवरणपत्र 14 दिवसांत तयार करणे, छायाचित्रे काढणे आणि त्यानंतर 30 दिवसांत विल्हेवाटीचा आदेश देणे बंधनकारक केले आहे. नासणाऱ्या मालाच्या विक्रीचा जुना अधिकारही त्यात कायम आहे, पण तो किती दिवसांत वापरावा याची स्वतंत्र मुदत नाही. जुन्या कलम 459 च्या जागी आलेल्या कलम 505 मध्ये, मालक अज्ञात किंवा गैरहजर असताना कमी किमतीचा माल विकण्याची 500 रुपयांची मर्यादा वाढून 10,000 रुपये झाली. पोलीस अधीक्षकांच्या आदेशाने बेवारस नाशवंत मालाचा तात्काळ लिलाव करण्याची मर्यादा मात्र कलम 106 मध्ये 500 रुपयेच राहिली आहे, आणि आजच्या भावात मासळीची एखादी पेटीही त्यात बसणे कठीण आहे.