ऑटोमेटर (मॅकओएस)

ऑटोमेटर हे ॲपलच्या मॅकओएस प्रणालीसोबतच मिळणारे, तीच ती कामे आपोआप उरकण्यासाठीचे ॲप. मॅक ओएस एक्स १०.४ (टायगर) या आवृत्तीबरोबर ते एप्रिल २००५ मध्ये आले. त्याआधी असे काही करायचे तर ॲपलस्क्रिप्ट या ॲपलच्या भाषेत कोड लिहावा लागे; ऑटोमेटरने ते काम माउसवर आणले. फाइलींची नावे बदलणे, पीडीएफ जोडणे वगैरे कामे ते करतेच, पण त्याचा खरा उपयोग कळतो तो लग्नाचे किंवा दुकानातल्या मालाचे शेकडो फोटो एकाच मापात आणायचे असतात तेव्हा.

खिडकीत डावीकडे क्रियांची यादी असते. हव्या त्या क्रिया उजवीकडे ओढून एकाखाली एक ठेवायच्या. एकीतून बाहेर पडलेल्या फाइली पुढचीला मिळतात. चिन्हातला ऑटो नावाचा रोबो हातात पाइप घेऊन उभा आहे, तो याच कारणाने. फोटोंसाठी नेहमीची मांडणी अशी: ‘कॉपी फाइंडर आयटम्स’ (फाइलींची प्रत काढणे), मग ‘स्केल इमेजेस’ (माप बदलणे), मग ‘चेंज टाइप ऑफ इमेजेस’ (फाइलचा प्रकार बदलणे). हीच मांडणी ‘क्विक ॲक्शन’ म्हणून सेव्ह केली की फाइंडरमध्ये, म्हणजे मॅकच्या फाइली पाहण्याच्या खिडकीत, फोटो निवडून राइट क्लिक केल्यावर ती मेनूत दिसते. ‘फोल्डर ॲक्शन’ केली, तर ठरावीक फोल्डरमध्ये टाकलेल्या प्रत्येक फोटोवर ती आपोआप चालते.

यात पहिली क्रिया कधीही गाळू नये. ‘स्केल इमेजेस’ मूळ फाइलच बदलते. म्हणून ती मांडणीत आणताच ऑटोमेटर स्वतःहून विचारते, आधी प्रत काढण्याची क्रिया जोडू का? घाईत ‘नको’ म्हटले आणि बारा मेगापिक्सेलचे फोटो ८०० पिक्सेलचे झाले, तर गेलेला तपशील मोठे करून परत येत नाही.

टर्मिनलमध्ये, म्हणजे आज्ञा टाइप करून काम करायच्या मॅकच्या ॲपमध्ये, हेच काम ‘सिप्स’ ही आज्ञा करते. तिच्यात कॅपिटल झेड आणि १२०० दिले की लांब बाजू १२०० पिक्सेल होते आणि प्रमाण टिकते. लहान झेडला दोन आकडे लागतात, आधी उंची, मग रुंदी; उलटे दिले की माणसे ताणलेली दिसतात. बाहेरचे ठिकाण सांगितले नाही तर सिप्सही मूळ फाइलवरच लिहिते.

मर्यादाही आहेत. सिप्सची छाटणी फोटोचा मध्य धरून होते, चेहरा कुठे आहे याच्याशी तिला देणेघेणे नसते. ऑनलाइन अर्जांत फोटो अमुक केबीच्या आत मागतात, ते बंधन थेट सांगता येत नाही. जेपीईजीची गुणवत्ता कमी करत अंदाज घ्यावा लागतो. आयफोनचे एचईआयसी या प्रकारातले फोटो नुसते जेपीईजी करायचे असतील, तर इतका खटाटोप नको. मॅकओएस मॉंटेरेपासून (२०२१) राइट क्लिकच्या मेनूत ‘कन्व्हर्ट इमेज’ तयारच असते.

मॉंटेरेबरोबरच आयफोनवरचे ‘शॉर्टकट्स’ हे अशीच कामे आपोआप उरकणारे ॲप मॅकवर आले. पुढची वाट तीच, असे ॲपलने तेव्हा सांगितले. ऑटोमेटर मात्र काढून टाकले नाही. त्यातल्या बहुतेक जुन्या मांडण्या शॉर्टकट्समध्ये उघडता येतात.