पारायणाच्या माईकची परवानगी: अर्ज नेमका कुठे अडतो

खानापूर आणि बेळगाव तालुक्यांतल्या मंडळांचे सप्ताहाचे अर्ज मी बरीच वर्षं लिहून देतोय. अर्ज परत आला की गावात एकच कारण ऐकू येतं, 'मराठी म्हणून दिली नाही.' कधी तसंही असेल. पण माझ्याकडे परत आलेले बहुतेक अर्ज आपल्याच पत्रिकेने पाडलेले होते.

पत्रिका म्हणजे ती गुलाबी, वर विठ्ठल-रखुमाई. पहाटे ४ ते ६ काकडा, सकाळी पारायण, सायंकाळी ५ ते ६ हरिपाठ, रात्री ९ ते ११ कीर्तन, नंतर हरिजागर. अर्जात आपण लिहितो 'सर्व नियम पाळू' आणि त्यालाच ही पत्रिका टाचतो. ध्वनिप्रदूषण नियम, २००० प्रमाणे रात्र म्हणजे रात्री १० ते सकाळी ६. अख्खा काकडा, कीर्तनाचा शेवटचा तास आणि जागर, तिन्ही त्यात गेले. साहेबाला वेगळं कारण शोधावंच लागत नाही.

मग मंडळी म्हणतात, स्पीकर बंद ठेवू, नुसते टाळ-मृदंग वाजवू. २०१०च्या दुरुस्तीने त्या नियमात स्पीकरबरोबर वाद्यंही आली आहेत. उघड्या मांडवात दहानंतर पखवाजसुद्धा बसत नाही. बंदिस्त जागेत, आतल्यांपुरता आवाज चालतो. म्हणून काकडा आणि जागर सभामंडपात दारं लावून करा आणि पत्रिकेत त्यांच्यापुढे 'स्पीकरविना, सभामंडपात' असं छापून घ्या. वीणेच्या पहाऱ्याची काळजी नको, गळ्यात वीणा घेऊन उभ्या असलेल्या माणसाचा आवाज देवळाबाहेर जातोय कशाला! कीर्तन साडेसातला सुरू करा, आणि हे बुवांना सुपारी देतानाच सांगा. दहाला पाच कमी असताना माईकवाल्याने खूण केली की बुवा भडकतात, आणि त्यांचंही चुकत नाही.

'वर्षाला पंधरा दिवस बारापर्यंत सूट असते ना?' असते, पण ती प्रत्येक मंडळाला वाटून दिलेली नाही. सणा-उत्सवांचे ते दिवस राज्य सरकार आधी जाहीर करतं, अख्ख्या वर्षात मिळून जास्तीत जास्त पंधरा. तुमचा सप्ताह त्यात पडला तर नशीब. 'त्या पंधरातले सात आम्हास द्यावेत' असा अर्ज मी स्वतः वाचला आहे. लिहिणारे गुरुजी होते.

परवानगी लेखीच लागते. फौजदार 'करा हो, काय होतंय' म्हणाले, यावर मांडव घालू नका. तक्रार आली की तेच फौजदार अँप्लिफायर उचलून नेतात. मे २०२२च्या सरकारी आदेशापासून हे काम तिघांच्या समितीकडे आहे. बेळगाव शहर पोलिस आयुक्तालयाच्या हद्दीत एसीपी आणि महापालिकेचे कार्यकारी अभियंता, खानापूर-निपाणीकडे डीवायएसपी आणि तहसीलदार, आणि दोन्हीकडे प्रदूषण मंडळाचा प्रतिनिधी. तीन माणसं म्हणजे तीन टेबलं, त्यात एक नेहमी मीटिंगला गेलेलं. महिनाभर आधी द्या. आठ दिवसांवर आणलेला अर्ज मी आता हातात घेत नाही.

आधार कार्डं, पंच कमिटीची यादी, पंचायतीची ना-हरकत, हे सगळं निघतं. निघत नाही तो जागामालकाचा कागद. मांडव ज्या परड्यात घालायचा त्याचा उतारा अजून आजोबांच्या नावावर, वारसा लागलेला नाही, चार भावांपैकी एक पुण्यात, एक गोव्याला, आणि उरलेले दोघे एकमेकांशी बोलत नाहीत. शक्य असेल तर मांडव देवळाच्या किंवा पंचायतीच्या जागेतच घाला. नसेल तर गणपतीला सगळे भाऊ गावात येतात, तेव्हाच संमतीपत्रावर सह्या घेऊन ठेवा. सप्ताह माघात असला तरी चालेल, कागद नासत नाही.

अर्ज कन्नडात लिहा. घटनेचं ३५०वं कलम गाऱ्हाणं राज्यात वापरात असलेल्या कुठल्याही भाषेत मांडू देतं, हे खरं. पण आपण इथे गाऱ्हाणं मांडत नाही, परवानगी मागतोय. त्या हक्कासाठी जरूर भांडा, फक्त सप्ताहाच्या तोंडावर नको. शाळेत कन्नड शिकणारी नात अर्ध्या तासात पान लिहून देते. मागे मराठी प्रत जोडा, मी जोडतो.

स्पीकर किती आणि किती वॅटचे, हेही लिहावं लागतं. इथे सगळे '७५ डेसिबल' लिहून मोकळे होतात. नियम नीट वाचा: स्पीकर लावलेल्या सार्वजनिक जागेच्या हद्दीवर, त्या भागाच्या मर्यादेपेक्षा १० जास्त किंवा ७५, यांतलं जे कमी ते. राहत्या वस्तीची दिवसाची मर्यादा ५५, म्हणजे गावात ६५च. वॅट घटवून फार काही साधत नाही, हजाराचे पाचशे केले तरी जेमतेम ३ डेसिबल उतरतात. खरा फरक पडतो तो शिखरावरचा भोंगा खाली काढल्याने. मांडवात चार बॉक्स लावा, तोंडं आत, श्रोत्यांकडे. भोंगा उतरवायचा म्हटलं की म्हातारी मंडळी रुसतात, शेतात काम करताना कीर्तन ऐकायची सवय असते ना. त्यांना मांडवात पुढे खुर्ची द्या. शेजारी शाळा किंवा दवाखाना असेल तर भोवतीचे १०० मीटर सोडूनच जागा धरा.

विजेसाठी हेस्कॉमकडून तात्पुरतं कनेक्शन घ्या, आकडा टाकू नका. काल्याच्या दिवशीची दिंडी या अर्जात घालू नका, मिरवणुकीचा अर्ज वेगळा.

परवाना हातात आला की त्याच्या दोन झेरॉक्स काढा. मूळ कागद अध्यक्षांच्या कपाटात असतो, अध्यक्ष पंगतीत वाढत असतात, आणि पोलिस नेमके तेव्हाच येतात. एक झेरॉक्स माईकवाल्याच्या पेटीच्या झाकणाला आतून चिकटवून टाका.