खुनी कुठेच दिसत नाही

एरिक बोदलेअर या फ्रेंच दिग्दर्शकाच्या काही चित्रपटांत रस्ते, बंदरं, शहरं पडद्यावर बराच वेळ राहतात आणि आठवणी सांगणारी माणसं बहुतेक वेळा नुसती ऐकू येतात. ही रीत त्याने जपानकडून घेतली, आणि तिची सुरुवात एका खून प्रकरणातून झाली.

१९६८च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये टोकियो, क्योटो, हाकोदाते आणि नागोया या शहरांत एकाच पिस्तुलाने चार खून झाले. दोन पहारेकरी, दोन टॅक्सीचालक. पिस्तूल योकोसुकाच्या अमेरिकी नौदल तळावरून चोरलेलं. पुढच्या एप्रिलमध्ये पकडला गेला तो नोरिओ नागायामा अवघा १९ वर्षांचा होता. जन्म होक्काइदोतल्या अबाशिरीचा, बालपण आओमोरीत, कमालीच्या गरिबीत. तेव्हा शाळा संपली की खेड्यातल्या मुलांना घाऊक भरती करून आगगाडीने शहरात कामाला पाठवत. नागायामा असाच टोकियोला आला, शिबुयातल्या फळांच्या दुकानात लागला. तिथे टिकला नाही. मग ही नोकरी सोड, ती धर.

दिग्दर्शक मासाओ अदाची, समीक्षक मासाओ मात्सुदा, पटकथाकार मामोरू सासाकी आणि त्यांच्या सोबत्यांनी या मुलावर चित्रपट करायचं ठरवलं. तो जिथे राहिला, राबला, भटकला, त्या ठिकाणी ते कॅमेरा घेऊन गेले आणि फक्त ठिकाणंच टिपून आले. ८६ मिनिटांच्या ‘ए.के.ए. सीरियल किलर’मध्ये नातेवाइकांच्या मुलाखती नाहीत, खुनाचे प्रसंग उभे केलेले नाहीत. फलाट, बोटी, गर्दीचे चौक, गावाबाहेरचे रस्ते; अधूनमधून अदाचीच्या आवाजात दोन-चार कोरडी वाक्यं आणि वर फ्री जॅझ, म्हणजे ठरलेली चाल न पाळणारं जॅझ संगीत. पहिली पंधरा-वीस मिनिटं कंटाळा येतो, हे कबूल करायला हरकत नाही. मग हळूहळू डोळा सरावतो आणि खटकू लागतं ते हे, की गाव बदललं तरी देखावा तोच आहे.

मात्सुदाची सगळी मांडणी यावरच उभी आहे. खेडी आपापला चेहरा गमावून छोटी टोकियो होत चालली होती. सत्ता पोलिसाच्या दंडुक्यात असते तशी ती रस्ते, स्टेशनं, वसाहती यांच्या आखणीतही असते, असं त्याचं म्हणणं. आणि हा एकसुरी देखावा फाडण्यासाठीच नागायामाने गोळ्या झाडल्या असाव्यात, असंही त्याने लिहिलं. मारल्या गेलेल्या चौघांना या मांडणीत जागाच नाही, आणि ही उणीव लहान नव्हे. पण काळ पाहा: १९७० साली ओसाकाला एक्स्पो हे जागतिक प्रदर्शन भरलं आणि जपानी रेल्वेने ‘डिस्कव्हर जपान’ मोहीम काढून शहरी पर्यटकांना देखण्या, जुन्या जपानची स्वप्नं विकायला सुरुवात केली. हा चित्रपट मात्र १९७५पर्यंत डब्यातच होता.

तोवर अदाची जपानमध्ये राहिलाच नव्हता. १९७१ साली कान चित्रपट महोत्सवाहून परतताना तो आणि दिग्दर्शक कोजी वाकामात्सु लेबनॉनमध्ये, बैरूतला थांबले आणि पॅलेस्टिनी लढवय्यांवर चित्रपट करून आले. १९७४मध्ये अदाची पुन्हा तिकडे गेला, तो जपानी रेड आर्मी या सशस्त्र डाव्या संघटनेत सामील व्हायला. याच संघटनेने सप्टेंबर १९७७मध्ये मुंबईहून उडालेलं जपान एअरलाइन्सचं विमान ढाक्याला पळवलं आणि ६० लाख डॉलर व सहा कैदी पदरात पाडून घेतले होते. अदाची लेबनॉनमध्ये चित्रण करत राहिला, पण ते सगळं युद्धात नष्ट झालं. १९९७ साली तो तिथे पकडला गेला, त्याच वर्षी टोकियोत नागायामाला फाशी झाली. २०००मध्ये अदाचीला जपानला धाडण्यात आलं.

बोदलेअर इथे येतो. २०११च्या त्याच्या चित्रपटाच्या नावातच ‘प्रतिमांविना २७ वर्षं’ आहेत. त्यात बोलतात अदाची आणि रेड आर्मीच्या संस्थापक फुसाको शिगेनोबू यांची मुलगी मे. पडद्यावर सुपर ८ या छोट्या, हौशी फिल्मवर घेतलेलं २०११च्या आसपासचं टोकियो आणि बैरूत. अदाचीला देश सोडता येत नव्हता, म्हणून लेबनॉनमधली कोणती दृश्यं हवीत ते त्याने बोदलेअरला सांगितलं. मात्सुदाच्या लेखी देखावा म्हणजे सत्तेचा पुरावा होता. इथे तोच देखावा हरवलेल्या फिल्मच्या जागी उभा राहतो.

२०१७मध्ये ‘ऑल्सो नोन ॲज जिहादी’त बोदलेअरने मूळ पद्धत पुन्हा वापरली, सीरियाला गेलेल्या एका फ्रेंच तरुणासाठी. फरक एकच: दृश्यांच्या अधेमधे तपासाची आणि न्यायालयाची कागदपत्रं वाचायला मिळतात. त्याने गोष्ट कळते खरी, पण प्रेक्षक कागदात गुंततो आणि रस्त्यांकडे बघायचं राहून जातं.