उशीचा अभ्रा (घरगुती शिवण)

उशीवर चढवायची आणि सहज काढून धुता येणारी कापडी खोळ म्हणजे अभ्रा. त्यात गोलाई कापावी लागत नाही, काजे-बटणांवाचून भागते आणि सगळ्या टिपा सरळ असतात. म्हणून शिवण शिकणाऱ्याच्या हाती बहुधा पहिल्यांदा अभ्राच दिला जातो. तरीही तो नीट बसतो की नाही, हे टिपेच्या सफाईपेक्षा मापावर आणि घडीवर अधिक ठरते.

बाजारात मिळणारी सर्वसाधारण उशी १७ × २७ इंचांची असते. ठाणे आणि नवी मुंबई परिसरातील अनेक घरांत मात्र तयार फायबरच्या उशांशेजारी गावाहून आणलेल्या, सावरीच्या कापसाने गच्च भरलेल्या उशाही असतात, आणि त्यांना हे माप चालत नाही. अशा उशीच्या सर्वांत फुगीर भागाभोवती टेप गुंडाळून घेर घ्यावा. त्याचा निम्मा भाग ही अभ्र्याची रुंदी धरावी.

आतल्या झडपेचा अभ्रा एकाच लांब पट्टीतून होतो. सर्वसाधारण उशीसाठी मागची बाजू २७, पुढची बाजू २७ आणि उशीचे तोंड झाकणारी झडप ६ अशी ६० इंच लांबी होते. दोन्ही टोकांच्या दुमडी धरून ती ६२ इंच घ्यावी. रुंदीत १७ इंचांखेरीज प्रत्येक बाजूस पाऊण इंचाहून थोडी कमी माया (शिवणीसाठी सोडलेले जादा कापड) सोडली, की सव्वाअठरा इंच होतात. ४४ इंच पन्ह्याच्या (म्हणजे ठाणातल्या रुंदीच्या) कापडात अशा दोन पट्ट्या शेजारीशेजारी आरामात बसतात. ३६ इंच पन्ह्यात त्या अर्ध्या इंचासाठी अडतात. तेव्हा माया दोन्हीकडे अर्ध्या इंचावर आणावी किंवा लांबी दुप्पट घ्यावी, एवढेच पर्याय उरतात. दुकानात कापड फाडून घेण्यापूर्वी पन्हा विचारणे म्हणूनच महत्त्वाचे.

पॉपलिन, केंब्रिक, मांजरपाट ही सुती कापडे अभ्र्याला योग्य ठरतात. ठाणे जिल्ह्यात भिवंडीचे यंत्रमाग आणि उल्हासनगरची कापडबाजारपेठ असल्यामुळे येथे कापडाची वाण नाही. थोडेच हवे असल्यास नाक्यावरच्या मॅचिंग सेंटरमध्येही मीटरवर मिळते. खाडीकाठच्या दमट हवेत पॉलिस्टरमिश्रित कापड घाम कमी शोषते, म्हणून त्याची स्वस्ताई फसवी समजावी. सुती कापड पहिल्या धुण्यात साधारणतः ३ ते ५ टक्के आटते, म्हणजे ६२ इंचांतले दोन-तीन इंच जातात. त्यामुळे कापड थोडे जास्त आणून, रात्रभर पाण्यात भिजवून, वाळवून, किंचित दमट असतानाच इस्त्री करून मगच कापावे. जून ते सप्टेंबरमध्ये सदनिकेतल्या दोरीवर ते एका दिवसात वाळेलच असे नाही. दमट कापडावर घेतलेले माप मात्र भरवशाचे नसते.

कापल्यावर आधी दोन्ही टोकांच्या दुमडी उलट बाजूकडे वळवून शिवून घ्याव्यात. यानंतर घालायची घडी हीच या कामातली खरी खोच आहे. साधी शिवण घालायची असल्यास कापड सुलट बाजू वर करून पसरावे, पुढच्या बाजूचे टोक झडप जिथून सुरू होते त्या रेषेपर्यंत आणून ठेवावे आणि झडप सर्वांत शेवटी, त्याच्यावरून दुमडावी. दोन्ही बाजूंना टिपा मारून अभ्रा उलटला, की झडप आपोआप आत जाते. दोरे सुटू न देणारी फ्रेंच शिवण घालायची असल्यास क्रम नेमका उलटा होतो: कापडाची उलट बाजू वर, झडप आधी दुमडायची आणि पुढची बाजू तिच्यावर. बाहेरून पाव इंचावर टीप घालून कडा कातराव्यात, अभ्रा उलटावा, कोपरे बोथट पेन्सिलीने बाहेर काढावेत आणि आतून पाव इंचाहून थोड्या जास्त अंतरावर दुसरी टीप घालावी. झडपेपाशी कापडाचे थर वाढतात, तेथे पायमशीन घाईने चालवल्यास सुई मोडते. चाक हाताने फिरवावे. मशीन नसल्यास हाताने बखिया (प्रत्येक टाका मागे घेऊन घातलेली घट्ट शिवण) घालावा, कारण उशी कोंबताना धावदोरा (साधे पुढे-पुढे घातलेले टाके) कोपऱ्यात उसवतो.

झडपेवाचूनचा, पिशवीसारखा अभ्रा याहून सोपा. ओटीत आलेले ब्लाऊजपीस घरोघरी साठलेले असतात. ३६ इंच पन्ह्याचा, ८० सेंटिमीटर लांबीचा तुकडा रुंदीत दुमडून एक बाजू आणि तळ शिवला, तोंडाला रुंद दुमड घातली, की १७ × २७ इंचांच्या उशीला तो पुरतो आणि तोंडाशी दोन-अडीच इंच कापड आत खोचायला उरते. हे केवळ सुती ब्लाऊजपीसच्या बाबतीत खरे आहे. जरीच्या बुट्ट्यांचे तुकडे गालाला टोचतात, त्यांचा उपयोग दिवाणखान्यातील लोडाच्या खोळीसाठी करावा.